भावकीचं भांडण आणि फौजदारी कलमं: घर-जमिनीच्या वादात पोलीस ठाण्याचा रस्ता कुठवर जातो

समजा, इंदूरच्या राजेंद्र नगरात एक घर आहे. वडिलांनी नोकरीच्या पैशातून बांधलेलं. थोरला मुलगा तिथेच राहतो, धाकटा पुण्यात नोकरीला आहे आणि बहीण लग्न होऊन बेळगावात. वडील गेले. दिवसकार्य आटोपलं, सगळे आपापल्या गावी परतले. सहा महिन्यांनी बहिणीला कळलं की नगर निगमच्या खात्यात घर एकट्या थोरल्याच्या नावावर चढलंय. आधार एका मृत्युपत्राचा, ज्याच्याबद्दल घरात कधी कुणी अवाक्षर काढलं नव्हतं.

अशा वेळी पहिला सल्ला ठरलेला असतो: ‘आधी एफआयआर ठोक. अटकेची भीती बसली की भाऊ आपणहून वाटणीला येईल.’ नातेवाईक हेच सांगतात, ओळखीचा हवालदार हेच सांगतो आणि काही वकीलही हेच सांगतात. सल्ला सगळाच खोटा नाही. पण त्याची किंमत काय आणि तो कुठे अंगलट येतो, हे कुणी सांगत नाही. एका राज्यात घर आणि दुसऱ्या राज्यात वारस असलेल्या मराठी कुटुंबांना तर हे आधी माहीत असायला हवं.

ठाणंच आधी का आठवतं

कारण उघड आहे. वाटणीचा दिवाणी दावा म्हणजे कोर्ट फी, नोटिसा, तारखा, आयुक्ताची पाहणी, मग अपील. दावा लावणाऱ्याच्या नातवाला निकाल मिळतो, हा विनोद इंदूरपासून निपाणीपर्यंत सगळीकडे चालतो. त्या मानाने ठाणं जवळचं. मध्य प्रदेशात तर कलेक्टर कचेरीत मंगळवारची जनसुनवाई असते, सीएम हेल्पलाइनचा 181 हा क्रमांक असतो. तिथे तक्रार गेली की खालच्या अधिकाऱ्याला उत्तर द्यावं लागतं, आणि ‘वाद दिवाणी आहे, कोर्टात जा’ हे उत्तर दिलं तरी तक्रारदार पुन्हा अर्ज करतो.

सर्वोच्च न्यायालयाने ही सवय केव्हाच हेरली होती. 2006 मध्ये इंडियन ऑइल विरुद्ध एनईपीसी या निकालात न्यायालयाने म्हटलं की निव्वळ दिवाणी वादांना फौजदारी रूप देण्याची प्रवृत्ती वाढते आहे, कारण दिवाणी उपाय वेळखाऊ आहेत असा लोकांचा समज आहे. तो खटला व्यापारी कंपन्यांमधला, तरी कुटुंबांतल्या भांडणांचा उल्लेख न्यायालयाने मुद्दाम केला आणि या मार्गाने घरं कायमची मोडतात असंही नोंदवलं. त्यानंतर जवळपास 20 वर्षांनी, एप्रिल 2025 मध्ये, दिवाणी वादात एफआयआर नोंदवल्याबद्दल सर्वोच्च न्यायालयाने उत्तर प्रदेशवर 50 हजार रुपयांचा खर्च बसवला. म्हणजे सवय काही सुटलेली नाही.

ग्वाल्हेरची आई आणि मुलगा

या विषयावर आजही न्यायालयांत वारंवार दाखवला जाणारा निकाल एका मराठी घराण्याचाच आहे. राजमाता विजयाराजे शिंदे आणि त्यांचे पुत्र माधवराव शिंदे यांच्यातलं वितुष्ट महाराष्ट्रात आणि माळव्यात सगळ्यांना ठाऊक होतं. आई एका पक्षात, मुलगा दुसऱ्या. राजकारणाबरोबर मालमत्तेचेही वाद होते. त्यातच घराण्याच्या एका ट्रस्टच्या मालकीची मुंबईतली जागा भाड्याने देण्याचा कागद झाला. जागा मिळाली ती एका सहविश्वस्ताच्या पत्नीला. राजमातांचे विश्वासू सल्लागार सरदार संभाजीराव आंग्रे यांनी यावर फौजदारी तक्रार केली. आरोप होता विश्वासघाताचा, बनावट कागदाचा आणि कटाचा.

फेब्रुवारी 1988 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने हा खटला रद्द केला. निकालातला विचार साधा आहे. विश्वस्ताने विश्वास मोडला तर तो दिवाणी अपराधही असतो आणि फौजदारी गुन्हाही असू शकतो. मात्र काही प्रसंगी त्याचा मुख्य भाग दिवाणीच असतो. शेवटी शिक्षा होण्याची शक्यता फारच धूसर असेल आणि खटला चालवून काही हाती लागणार नसेल, तर न्यायालयाने आपली यंत्रणा दुसऱ्या कुठल्या हेतूसाठी वापरू देऊ नये. ट्रस्ट करणारी आई आणि विश्वस्त मुलगा, या नात्यात आलेली फूट आणि ज्या बाईंच्या नावे कागद झाला त्यांना त्याचा फायदा घ्यायची आता इच्छाच नसणं, हे सगळं न्यायालयाने विचारात घेतलं. राजघराण्याला मिळालेला हा निकाल पुढे साध्या घरांतल्या भावाभावांनी शेकडो अर्जांत वापरला.

इंदूरची खासगी

इंदूरचं उदाहरण अलीकडचं आहे. ते भावाभावांच्या वाटणीचं नाही, पण मालमत्तेच्या प्रश्नात पोलीस तपास कुठे बसतो हे त्यातून नीट दिसतं. होळकर राज्यात ‘खासगी’ म्हणजे राजाच्या पत्नीच्या अखत्यारीतली जहागीर आणि तिचं उत्पन्न. 1734 मध्ये ती मल्हाररावांच्या पत्नी गौतमाबाईंच्या नावे सुरू झाली. पुढे अहिल्याबाईंनी देशभर बांधलेले घाट, धर्मशाळा आणि मंदिरं यांचा खर्च याच परंपरेतून चालला. संस्थानं विलीन झाल्यानंतर 27 जून 1962 च्या दस्ताने खासगी (देवी अहिल्याबाई होळकर चॅरिटीज) ट्रस्ट झाला. त्याच्याकडे देशभरच्या 246 मालमत्ता होत्या.

त्यांतल्या काही विकल्या गेल्या. हरिद्वारच्या कुशावर्त घाटाचा व्यवहार सगळ्यात गाजला. ऑक्टोबर 2020 मध्ये मध्य प्रदेश उच्च न्यायालयाच्या इंदूर खंडपीठाने या विक्रीव्यवहारांचा तपास राज्याच्या आर्थिक गुन्हे शाखेकडे दिला. प्रकरण दिल्लीला गेलं. 21 जुलै 2022 रोजी सर्वोच्च न्यायालयाने तपासाचा आदेश रद्द केला, पण विश्वस्तांना मोकळंही सोडलं नाही. ट्रस्ट मध्य प्रदेशच्या 1951 च्या सार्वजनिक न्यास कायद्याखाली येतो, त्याने एका महिन्यात नोंदणीसाठी अर्ज करावा, आणि निबंधकाने सगळ्या विक्रीव्यवहारांची कागदपत्रं मागवून ट्रस्टचं नुकसान झालं का, किती झालं आणि ते कुणाकडून वसूल करायचं हे ठरवावं, असा आदेश दिला.

थोडक्यात, हिशेब मागायची जागा पोलीस ठाणं नसून निबंधकाचं कार्यालय ठरलं. घरगुती वादात हीच गोष्ट वेगळ्या नावाने येते. तिथे हिशेबाची जागा दिवाणी न्यायालयाची असते.

कोणती कलमं लागतात, आणि एका कलमाचं वजन

1 जुलै 2024 पासून भारतीय न्याय संहिता लागू आहे. त्यामुळे त्याआधी घडलेल्या गोष्टीला जुनी दंडसंहिता लागते, नंतरच्या गोष्टीला नवी. ठाण्यात लोक अजून जुनेच आकडे बोलतात. फसवणूक म्हणजे 420, आता 318(4). विश्वासघात 406, आता 316(2). बनावट दस्त 467, आता 338. फसवणुकीसाठी बनावट कागद 468, आता 336(3). बनावट कागद खरा म्हणून वापरणं 471, आता 340(2). दुसऱ्याच्या जागेत घुसणं 447 आणि 448, आता 329.

यात खरं वजन 467 चं आहे. मृत्युपत्र, खरेदीखत असे मौल्यवान दस्त बनावट केले तर जन्मठेप किंवा 10 वर्षांपर्यंत शिक्षा. हे कलम लागलं की खटल्याचा चेहराच बदलतो. 2014 च्या अर्नेश कुमार निकालानुसार 7 वर्षांपर्यंत शिक्षेच्या गुन्ह्यात पोलिसांनी सरसकट अटक करायची नाही, आधी नोटीस द्यायची आणि अटक हवीच असेल तर कारण लिहायचं. 420 या मर्यादेत बसतं, 467 बसत नाही. म्हणून नुसत्या 420 ची तक्रार घेऊन गेलेला माणूस सल्लामसलत करून परत येतो तेव्हा तिच्यात 467 आलेलं असतं. गंमत अशी की गुन्ह्यांच्या तक्त्यात 467 स्वतः अदखलपात्रच आहे. सोबत 420 किंवा 468 सारखं दखलपात्र कलम असलं की सगळी केस दखलपात्र म्हणून चालते. कलमांची जोडी लावण्यामागचं गणित हे आहे.

विश्वासघाताचं कलम भावकीत सहसा टिकत नाही. त्यासाठी एकाने दुसऱ्याकडे विशिष्ट वस्तू किंवा पैसा विश्वासाने सोपवलेला असावा लागतो. एकत्र कुटुंबाची किंवा सामाईक मालमत्ता प्रत्येक सहहिस्सेदाराचीच असते. तिचा ताबा एकाने घेतला, भाडं एकट्याने खाल्लं, तर हिशेबाचा दावा होतो, गुन्हा आपोआप होत नाही. सामाईक घरात शिरणाऱ्या भावावर अतिक्रमणाची तक्रारही याच कारणाने लंगडी पडते. आणि एकाच घटनेला फसवणूक आणि विश्वासघात अशी दोन्ही लेबलं लावता येत नाहीत, हे सर्वोच्च न्यायालयाने ऑगस्ट 2024 मध्ये दिल्ली रेस क्लबच्या प्रकरणात पुन्हा बजावलं. फसवणुकीत लबाडीचा हेतू पहिल्या क्षणापासून असावा लागतो, विश्वासघातात तो नंतर येतो.

भावाने आपल्या हिश्शापेक्षा जास्त जमीन विकली, ही तर रोजची तक्रार. बिहारमधून आलेल्या 2009 च्या मोहम्मद इब्राहिम निकालात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की आपली नसलेली जमीन आपली म्हणून स्वतःच्याच नावाने आणि सहीने विकणं हा ‘बनावट दस्त’ होत नाही. बनावट दस्त म्हणजे दुसऱ्याच्या नावाने किंवा दुसऱ्याने दिलेल्या अधिकाराचं सोंग करून केलेला कागद. अशा विक्रीत फसला असेल तर घेणारा फसला, फसवणुकीची तक्रार त्याने करावी. ज्या बहिणीचा हिस्सा गेला तिने दिवाणी न्यायालयात जावं. तो दस्त तिच्या हिश्शाला बांधत नाही.

मृत्युपत्राच्या वादात सोपं काय, अवघड काय

पुन्हा राजेंद्र नगरच्या घराकडे येऊ. बहिणीचं म्हणणं, मृत्युपत्र खोटं आहे. आता दोन रस्ते आहेत.

दिवाणी न्यायालयात ती आणि धाकटा भाऊ वाटणीचा दावा लावतील. थोरला मृत्युपत्र पुढे करेल. इथे कायदा बहिणीच्या बाजूने झुकलेला आहे. मृत्युपत्र जो आणतो त्यानेच ते सिद्ध करायचं. दोन साक्षीदारांची साक्षांकनाची सही हवी, त्यांपैकी निदान एकाला न्यायालयात उभं करायला हवं, आणि संशयाच्या जागा असतील तर त्या मृत्युपत्र आणणाऱ्यानेच दूर करायच्या. वडील आजारी होते का? कागद थोरल्याच्या पुढाकाराने झाला का? बाकीच्या मुलांना एकही पैसा का नाही? 1959 पासून सर्वोच्च न्यायालय हेच सांगत आलं आहे. मृत्युपत्र नोंदणीकृत असलं तरी यातून सुटका नाही.

फौजदारी न्यायालयात हे सगळं उलटं होतं. तिथे सरकार पक्षाने सिद्ध करायचं की सही खोटी आहे, ती आरोपीनेच केली किंवा करवली, आणि तेही वाजवी शंकेला जागा न ठेवता. हस्ताक्षरतज्ज्ञाचं मत एकट्याने क्वचितच पुरतं. साक्षीदार फिरला की थोरला सुटतो, आणि गावभर सांगत फिरतो की कोर्टाने मृत्युपत्र खरं ठरवलं. ते तसं ठरवलेलं नसतं. दोन्ही न्यायालयांत पुराव्याची पट्टी वेगळी असल्याने एकाचा निष्कर्ष दुसऱ्याला बांधत नाही, हे 2005 मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने स्पष्ट केलं. ते प्रकरणही एका कुटुंबातल्या मृत्युपत्राचंच होतं. पण हे गावाला कोण समजावणार?

सोपा समजला जाणारा रस्ता असा बहिणीसाठी अवघड निघतो. शिवाय फौजदारी न्यायालय शिक्षा देऊ शकतं, वाटणी करून देऊ शकत नाही. थोरला दोषी ठरला तरी घराचा तिसरा हिस्सा तिला मिळण्यासाठी दिवाणी न्यायालयाचीच पायरी चढावी लागते.

मुदत: सगळ्यात महागात पडणारी चूक

तक्रार दिली, एफआयआर झाला, आरोपपत्र आलं, तारखा पडू लागल्या. तक्रारदाराला वाटतं आपली लढाई चालू आहे. तिकडे मुदतीच्या कायद्याचं घड्याळ थांबलेलं नसतं.

एखादा दस्त रद्द करून मागायचा तर त्यातली लबाडी कळल्यापासून 3 वर्षं. हक्क जाहीर करून मागण्यालाही 3 वर्षं. एकत्र कुटुंबाच्या मालमत्तेतून आपल्याला बाहेर काढलंय हे कळल्यापासून हिस्सा मागायला 12 वर्षं. मालकी हक्काने ताबा मागायलाही 12 वर्षं, समोरच्याचा ताबा विरोधी झाल्यापासून. कोणती मुदत लागेल हे दाव्यातल्या मागणीवर ठरतं, म्हणून यात घरच्या घरी हिशेब करू नये.

चुकीच्या न्यायालयात प्रामाणिकपणे घालवलेला वेळ वजा करून देणारी तरतूद कायद्यात आहे, कलम 14. पण ती दिवाणी कार्यवाहीत गेलेल्या वेळेसाठी आहे. पोलीस ठाण्याच्या आणि फौजदारी खटल्याच्या चकरा तिच्यात धरल्या जात नाहीत. उलट त्या एफआयआरवरची तारीखच पुरावा बनते की अमुक दिवशी बहिणीला सगळं ठाऊक होतं. चार वर्षं फौजदारी केस चालवून मग दिवाणी वकिलाकडे गेलेल्या माणसाला हे कळतं तेव्हा फार उशीर झालेला असतो.

दावा वेळेत लावण्याचा आणखी फायदा आहे. दावा चालू असताना घर विकलं तर घेणाऱ्याला निकाल मान्य करावा लागतो, आणि तूर्त विक्री थांबवणारी मनाई मागता येते. एफआयआरमुळे विक्री आपोआप थांबत नाही.

नोंदीबद्दलही एक खुलासा. महाराष्ट्रातला फेरफार, सातबारा, मध्य प्रदेशातलं नामांतरण, खसरा आणि बी-1, कर्नाटकातली पहाणी, यांतलं काहीही मालकी देत नाही. मध्य प्रदेशातल्याच एका मृत्युपत्राच्या प्रकरणात सप्टेंबर 2021 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने हे पुन्हा सांगितलं. नोंद महसुलासाठी असते, वाद असेल तर दिवाणी न्यायालय. तेव्हा नामांतरण झालं म्हणून हातपाय गाळायचं कारण नाही, आणि नामांतरण केलं म्हणून तहसीलदार, पटवाऱ्याला आरोपी करण्याने फारसं साधतही नाही.

खरी बनवाबनवी असते तेव्हा

हे सगळं वाचून भावकीत फौजदारी केस होतच नाही असा कुणी अर्थ काढू नये. 14 जुलै 2025 चा सर्वोच्च न्यायालयाचा निकाल पाहा. बेंगळुरूतलं कुटुंब, आठ भावंडं, तीन भाऊ आणि पाच बहिणी. मेट्रोसाठी जमीन संपादित झाली, मोबदला सुमारे 33 कोटी. मोबदल्यासाठी जी वंशावळ सादर झाली तिच्यात बहिणींची नावंच नव्हती. जोडीला एक वाटणीपत्र होतं, तेही बनावट असल्याचा आरोप. उच्च न्यायालयाने वाद दिवाणी म्हणून केस रद्द केली होती. सर्वोच्च न्यायालयाने ती पुन्हा जिवंत केली. दिवाणी दावा चालू आहे एवढ्याने फौजदारी खटला रद्द होत नाही, दोन्ही शेजारी शेजारी चालू शकतात.

ग्वाल्हेरचा खटला रद्द आणि बेंगळुरूचा जिवंत, हा फरक नात्यामुळे पडलेला नाही. नातं दोन्हीकडे रक्ताचंच. एकीकडे मूळ तक्रार अधिकाराच्या वापराबद्दल होती: हा कागद करायचा हक्क होता का? दुसरीकडे तक्रार सरकारी कचेरीत सांगितलेल्या उघड खोट्याबद्दल होती: पाच बहिणी अस्तित्वातच नाहीत. पहिल्या प्रकारच्या प्रश्नाला दिवाणी उत्तर असतं. दुसऱ्या प्रकारात वडिलांच्या मृत्यूनंतरची तारीख असलेला दस्त, नोंदणी कार्यालयात वडिलांच्या जागी उभा केलेला तोतया, बहिणीच्या नावाने भलत्याच बाईने दिलेलं हक्कसोडपत्र, असं सगळं येतं. तिथे पोलिसांकडे जायलाच हवं, आणि तेही लवकर. ललिता कुमारी निकालाने (2013) दखलपात्र गुन्ह्यात एफआयआर सक्तीचा केला, पण कौटुंबिक वाद आणि तीन महिन्यांहून जास्त उशिरा आलेल्या तक्रारी यांत आधी प्राथमिक चौकशीला मुभा ठेवली. नव्या नागरिक सुरक्षा संहितेत 14 दिवसांच्या चौकशीची तरतूद आली, मात्र ती 7 वर्षांपेक्षा कमी शिक्षेच्या गुन्ह्यांपुरती. 420 आणि 468 ची कमाल शिक्षा बरोब्बर 7 वर्षं, म्हणजे भावकीत सगळ्यात जास्त वापरली जाणारी कलमं तिच्या बाहेरच राहतात.

मुलींचा हिस्सा आणि राज्याची सीमा

एकाच कुटुंबात ‘मुलींना काही नसतं’ हे वाक्य वेगवेगळ्या राज्यांत वेगवेगळ्या काळी खोटं ठरलं. महाराष्ट्राने 22 जून 1994 पासून वडिलोपार्जित मालमत्तेत मुलींना जन्माने हक्क दिला, तोवर लग्न न झालेल्यांना. कर्नाटकातही त्याच वर्षी कायदा झाला. मध्य प्रदेशातल्या मुलींना 9 सप्टेंबर 2005 च्या केंद्रीय दुरुस्तीपर्यंत थांबावं लागलं. ऑगस्ट 2020 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की 2005 मध्ये वडील हयात होते की नव्हते याने फरक पडत नाही, हक्क जन्मानेच आहे. अपवाद 20 डिसेंबर 2004 पूर्वी रीतसर झालेल्या वाटण्यांचा. आता पुष्कळ जुने वाद याच तारखेभोवती फिरतात, आणि अचानक सापडलेली जुनी वाटणीपत्रं बहुधा या तारखेच्या आधीचीच असतात! वडिलांनी स्वतः कमावलेल्या घराची गोष्ट वेगळी. मृत्युपत्र नसेल तर तिथे 1956 पासूनच मुलीचा हिस्सा मुलाइतका आहे.

नोटीस इंदूरची, माणूस बेळगावात

भावकीत एका तक्रारीला उलटी तक्रार येतेच. बहिणीने 467 लावलं की थोरला धमकीची, घरात घुसल्याची तक्रार देतो. मग बेळगावच्या पत्त्यावर इंदूरच्या ठाण्याची नोटीस येते.

पहिलं काम, नोटीस कोणत्या कलमाखाली आहे ते पाहणं. साक्षीदार म्हणून बोलावणारी नोटीस नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम 179 खाली असते. ती त्या ठाण्याच्या आणि लगतच्या ठाण्याच्या हद्दीतल्या माणसालाच लागू होते. शिवाय बाईमाणसाला आणि 60 वर्षांवरच्या पुरुषाला त्यांच्या राहत्या जागेखेरीज हजर व्हायला सांगता येत नाही. कलम 35(3) ची नोटीस मात्र आरोपीला असते. ती टाळली तर अटकेला कारण मिळतं. तिला लेखी उत्तर द्यावं, तारीख मागून घ्यावी, पण जावं.

अटकेची भीती असेल तर नोव्हेंबर 2023 च्या निकालाचा आधार आहे. गुन्हा दुसऱ्या राज्यात नोंदला असला तरी आपल्या राहत्या गावचं सत्र न्यायालय किंवा उच्च न्यायालय मर्यादित मुदतीचा अटकपूर्व जामीन देऊ शकतं, म्हणजे त्या मुदतीत इंदूरच्या न्यायालयात पोचता येतं. एफआयआरची प्रत बहुतेक वेळा पोलिसांच्या संकेतस्थळावर मिळते. ती वाचल्याशिवाय कुणाच्याही सांगण्यावर गाडी पकडू नये. एफआयआर रद्द करून घ्यायचा अर्ज मात्र इंदूरच्या गुन्ह्यासाठी मध्य प्रदेश उच्च न्यायालयाच्या इंदूर खंडपीठातच करावा लागतो.

दिवाणी दावाही मालमत्ता जिथे तिथेच. मात्र घर इंदुरात आणि शेती कागल तालुक्यात असेल, तर दोन्हींच्या वाटणीचा एकच दावा यांपैकी कोणत्याही एका ठिकाणी लावता येतो.

आईवडील हयात असतील आणि त्यांच्याकडून घर लिहून घेऊन मुलाने त्यांना वाऱ्यावर सोडलं असेल, तर या सगळ्यापेक्षा जवळचा रस्ता आहे: 2007 चा ज्येष्ठ नागरिक कायदा. सांभाळण्याच्या अटीवर दिलेलं दानपत्र एसडीएमच्या न्यायाधिकरणाकडून रद्द होऊ शकतं. जानेवारी 2025 मध्ये मध्य प्रदेशातल्याच एका आईचं दानपत्र सर्वोच्च न्यायालयाने असं रद्द ठरवलं आणि घराचा ताबा तिला परत द्यायला लावला.

तडजोड झाली, केस राहिली

पुष्कळ घरांत शेवटी मामा, काका बसून मिटवतात. हिस्से ठरतात, चहा होतो. आणि मग कळतं की केस मागे घेता येत नाही. 420 आणि 406 न्यायालयाच्या परवानगीने मिटवता येतात, 467, 468 आणि 471 मिटवण्यायोग्य गुन्ह्यांच्या यादीतच नाहीत. तक्रारदाराने ‘माझं काही म्हणणं नाही’ लिहून दिलं तरी खटला सरकारचा असतो. त्यासाठी दोन्ही बाजूंनी उच्च न्यायालयात जावं लागतं. 2012 च्या ग्यान सिंग निकालापासून दिवाणी वळणाचे कौटुंबिक वाद समेटानंतर रद्द करण्याचा अधिकार उच्च न्यायालयं वापरतात. पण त्याला खर्च आहे, महिने आहेत, आणि तोवर नोकरीच्या चारित्र्य पडताळणीत, पासपोर्टच्या अर्जात ती केस लिहावी लागते. कित्येक घरांत ती थोरल्याच्या नव्हे, त्याच्या पोरांच्या नावावर पडलेली असते, कारण एफआयआर लिहिताना रागाच्या भरात घरातली सगळीच नावं टाकली होती.

समेटाचा कागदही नीट करावा. आधीच तोंडी झालेल्या वाटणीची आठवण म्हणून लिहिलेला कागद नोंदणीशिवाय चालतो. त्या कागदानेच हिस्से निर्माण होत असतील तर नोंदणी लागते. 500 रुपयांच्या स्टॅम्पवर सगळ्यांच्या सह्या घेऊन कपाटात ठेवलेल्या वाटणीपत्रांवरून पुढच्या पिढीची भांडणं उभी राहतात.

राजेंद्र नगरच्या घरातल्या बहिणीने मग आधी काय करावं? नगर निगममधून नामांतरणाच्या फाइलीची प्रमाणित प्रत काढावी, म्हणजे मृत्युपत्राची तारीख आणि साक्षीदारांची नावं कळतील. वडिलांच्या बँकेतल्या आणि पेन्शनच्या कागदांवरच्या खऱ्या सह्या गोळा कराव्यात. त्या तारखेला वडील कुठे होते, दवाखान्यात होते का, हे कागदानिशी पाहावं. धाकट्याला बरोबर घेऊन इंदूरच्या जिल्हा न्यायालयात वाटणीचा दावा आणि विक्रीला मनाई मागावी. एवढं हातात आल्यावर साक्षीदार म्हणाला की ही सही माझी नाहीच, तर ठाण्यात द्यायच्या तक्रारीत लिहायला काहीतरी असेल.